मंदगती, शरीर आणि मरण : बिल व्हायोला यांच्या व्हिडिओकलेविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बिल व्हायोला कोण होते?

बिल व्हायोला हे अमेरिकन व्हिडिओ कलावंत. २५ जानेवारी १९५१ रोजी न्यूयॉर्कमध्ये त्यांचा जन्म झाला आणि १२ जुलै २०२४ रोजी, वयाच्या ७३ व्या वर्षी, कॅलिफोर्नियातील लाँग बीच येथे अल्झायमर्सच्या आजारात त्यांचे निधन झाले. व्हिडिओ हे माध्यम हाताशी येत होते त्याच काळात ते सिरॅक्यूज विद्यापीठात शिकत होते. १९७३ मध्ये पदवी घेतल्यावर ते काही काळ फ्लॉरेन्समधील एका व्हिडिओ स्टुडिओत तांत्रिक संचालक होते, आणि १९८०-८१ मध्ये जपानला राहून त्यांनी दायेन तानाका या झेन गुरूंकडे साधना केली. १९७७ मध्ये मेलबर्नला त्यांची किरा पेरॉव्ह यांच्याशी ओळख झाली. पुढे दोघांनी लग्न केले, आणि व्हायोला यांच्या नावावर असलेल्या कामाचा मोठा भाग पेरॉव्ह यांच्या सहभागाशिवाय उभाच राहिला नसता. १९९५ च्या व्हेनिस बिएनालेमध्ये (व्हेनिसला दर दोन वर्षांनी भरणारे आंतरराष्ट्रीय कलाप्रदर्शन) अमेरिकेच्या दालनात त्यांचे काम मांडले गेले आणि त्यानंतर त्यांचे नाव कलाजगताबाहेरही पोहोचले.

स्लो मोशन तर चित्रपटातही असते. मग या कलेत वेगळे काय?

चित्रपटात गती मंदावते ती एखाद्या क्षणावर बोट ठेवण्यासाठी. तो क्षण संपला की दृश्य पुन्हा नेहमीच्या वेगाला येते, कारण गोष्ट पुढे न्यायची असते. व्हायोला यांच्या १९९५ नंतरच्या अनेक कृतींमध्ये पहिल्या फ्रेमपासून शेवटच्या फ्रेमपर्यंत सगळेच मंद असते, गोष्ट नावापुरती असते किंवा नसतेच, आणि त्यामुळे ‘पुढे काय होणार’ हा प्रश्न काही मिनिटांत आपोआप गळून पडतो. मग लक्ष जाते ते शरीराकडे. रडू येण्यापूर्वी गळ्याचे स्नायू कसे आवळतात, श्वास कुठे अडकतो, एका भावनेतून दुसऱ्या भावनेत जाताना चेहरा मध्येच क्षणभर कसा कोरा होतो, हे सारे आपण रोज पाहत असतो आणि तरीही ते आपल्या नजरेत कधी येत नाही. व्हायोला यांना भावनेपेक्षा या मधल्या वाटेचे कुतूहल अधिक होते, आणि गती मंदावण्यामागे मला तरी हेच मुख्य कारण दिसते.

त्यांच्या सर्व कृती मंदगतीत नाहीत, हेही येथेच सांगितले पाहिजे. ‘द रिफ्लेक्टिंग पूल’ (१९७७-७९) ही सुमारे सात मिनिटांची सुरुवातीची कृती घ्या. जंगलातून एक माणूस येतो, हौदाच्या काठावर उभा राहतो आणि उडी मारतो. अंग आखडून घेतलेले ते शरीर पाण्यावर हवेतच थबकते. खाली हौदातले पाणी मात्र हलत राहते, त्यात प्रतिबिंबे येतात आणि जातात. हवेतली आकृती हळूहळू मागच्या झाडांत विरून जाते, आणि शेवटी एक नग्न माणूस पाण्यातून वर येऊन जंगलात निघून जातो. एकाच चौकटीत दोन वेगवेगळे काळ चालू आहेत. पुढच्या सगळ्या कामाचे बी येथे आहे.

पंचेचाळीस सेकंदांची दहा मिनिटे कशी होतात?

‘द ग्रीटिंग’ (१९९५) या कृतीच्या आधारे हे समजून घेणे सोपे जाईल. साधारणपणे चित्रपट सेकंदाला २४ फ्रेम (एकेक स्थिर चित्र म्हणजे एक फ्रेम) या वेगाने चित्रित होतो आणि त्याच वेगाने दाखवला जातो. ‘द ग्रीटिंग’ ३५ मिलिमीटर फिल्मवर, सेकंदाला ३०० फ्रेम घेणाऱ्या अतिवेगवान कॅमेऱ्याने चित्रित झाली. पंचेचाळीस सेकंदांच्या प्रसंगाच्या १३,५०० फ्रेम होतात. त्या नेहमीच्या वेगाने दाखवल्या तर नऊ मिनिटांहून अधिक वेळ लागतो, आणि कृतीची प्रत्यक्ष लांबी सुमारे दहा मिनिटे आहे.

येथे दोन अडचणी येतात, आणि दोन्हींनी या कलेला आकार दिलेला आहे. पहिली प्रकाशाची. सेकंदाला ३०० फ्रेम घ्यायच्या तर प्रत्येक फ्रेमला मिळणारा वेळ नेहमीच्या साडेबाराव्या भागाइतकाच उरतो, म्हणून तितक्याच पटीने अधिक प्रकाश लागतो. या कृतींमधील रंगांची ती विलक्षण स्वच्छता आणि कापडाच्या प्रत्येक चुणीचे स्पष्ट दिसणे यांमागे हा प्रखर प्रकाश आहे. दुसरी अडचण फिल्मची. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम मावतात, म्हणजे हजार फुटांच्या रिळात १६,०००. सेकंदाला ३०० च्या वेगाने हे रीळ त्रेपन्न सेकंदांत संपते. त्यामुळे संपूर्ण प्रसंग मिनिटभरात, एका दमात, न चुकता पार पडावा लागतो. पडद्यावर जे इतके निवांत वाटते, ते कॅमेऱ्यासमोर अतिशय घाईत आणि ताणाखाली घडलेले असते.

नेहमीच्या वेगाने घेतलेला व्हिडिओ नंतर संगणकावर ताणला तर हा परिणाम साधत नाही. नवी माहिती कुठून येणार? एकच फ्रेम अर्धा-अर्धा सेकंद पडद्यावर राहते आणि चित्र धक्के खात पुढे सरकते. संगणकाने मधल्या फ्रेम कल्पनेने भरल्या तरी ओठांची बारीक थरथर त्याला कल्पिता येत नाही, कारण ती मुळात टिपलेलीच नसते.

‘द ग्रीटिंग’मध्ये घडते तरी काय?

दोन स्त्रिया रस्त्यावर बोलत उभ्या आहेत. तिसरी येते. ती गरोदर आहे. ती दोघींपैकी एकीला मिठी मारते आणि तिच्या कानात काहीतरी सांगते. जिला हे सांगितले जात नाही ती बाजूला उभी आहे. वारा सुटला आहे आणि तिघींचे कपडे फुगत आहेत, फडफडत आहेत. बस, इतकेच.

मंदगतीत हा प्रसंग बघताना सर्वांत जास्त बोलतो तो बाजूला पडलेल्या स्त्रीचा चेहरा. आपण वगळले गेलो आहोत हे तिला कळते, ते न कळल्यासारखे दाखवण्याचा ती प्रयत्न करते, आणि मग ओळख करून दिली जाईल या अपेक्षेने तिच्या चेहऱ्यावर सौजन्य येते. प्रत्यक्षात हे सगळे दोन-तीन सेकंदांत उरकले असते. येथे ते इतके सावकाश उलगडते की आपल्यालाच अवघडल्यासारखे होते. या कृतीचा आधार आहे पोन्तोर्मो या इटालियन चित्रकाराचे १५२८-२९ च्या सुमाराचे, फ्लॉरेन्सजवळच्या कार्मिन्यानो गावातील चर्चमध्ये असलेले चित्र. त्यात येशूची आई गरोदर मेरी आपल्या गरोदर नातलग एलिझाबेथला भेटते. पण हा धार्मिक संदर्भ अजिबात माहीत नसला तरी कृती पूर्ण कळते.

ही जुन्या चित्रांची नक्कल आहे का?

नाही, आणि याचा सर्वांत चांगला पुरावा म्हणजे ‘इमर्जन्स’ (२००२). इटलीतील एम्पोली येथे मासोलिनो या चित्रकाराचे १४२४ चे भित्तिचित्र आहे. त्यात मृत ख्रिस्त दगडी शवपेटीत कमरेपर्यंत उभा आहे आणि मेरी व शिष्य जॉन त्याच्या दोन बाजूंना आहेत. व्हायोला यांनी येथून रचना घेतली आणि तिला काळ दिला.

संगमरवरी हौदाच्या दोन बाजूंना एक प्रौढ आणि एक तरुण स्त्री बसल्या आहेत. दोघी वाट पाहत असाव्यात. हौदातून एका तरुणाचे डोके वर येऊ लागते, आणि त्यासोबत पाणी काठांवरून ओसंडून चारही बाजूंनी खाली पडू लागते. शरीर पांढरेफटक आहे. ते पूर्ण वर येते, क्षणभर तोल सावरते आणि ढासळते. दोघी त्याला धरतात, जमिनीवर निजवतात. प्रौढ स्त्री त्याचे डोके मांडीवर घेते, तरुण स्त्री त्याच्या अंगावर कापड पांघरते आणि त्याच्यावर वाकून रडते.

आता हे काय पाहिले? पाणी फुटून एक ओले शरीर बाहेर येते तेव्हा तो जन्म वाटतो. शवपेटीतून उठणारा देह पाहून पुनरुत्थान वाटते. शेवट पाहिला तर बुडालेल्या माणसाला पाण्याबाहेर काढून त्याच्यासाठी शोक करणाऱ्या दोन बायका दिसतात. सुमारे बारा मिनिटांच्या या कृतीत एकच शरीर या तिन्ही अवस्थांतून जाते आणि एक अवस्था कुठे संपली व दुसरी कुठे सुरू झाली याची रेघ कुठेही मारता येत नाही. स्थिर चित्राला हे जमले नसते. चित्रकाराला एक क्षण निवडावा लागतो.

पाणी सगळीकडे का आहे?

व्हायोला सहा वर्षांचे असताना तळ्यात पडले आणि तळाशी गेले. त्यांच्या काकांनी त्यांना बाहेर ओढले. त्या अनुभवाबद्दल ते आयुष्यभर बोलत राहिले, आणि आश्चर्य असे की त्यांच्या सांगण्यात भीतीचा भाग फारसा नसे. पाण्याखालचा निळा-हिरवा उजेड आणि कमालीची शांतता त्यांच्या लक्षात राहिली होती. त्यांच्या कामात बुडणारे शरीर बहुतेक वेळा धडपडत नाही ते यामुळेच, असे मानायला जागा आहे. ‘फाइव्ह एंजल्स फॉर द मिलेनियम’ (२००१) मध्ये पाच मोठ्या पडद्यांवर माणसे पाण्यात झेपावतात किंवा पाण्यातून वर फेकली जातात. काही दृश्ये उलटी चालवलेली आहेत, त्यामुळे बुडणे आणि वर येणे यांतला फरक पुसला जातो. ‘द ड्रीमर्स’ (२०१३) मध्ये सात पडद्यांवर सात माणसे डोळे मिटून पाण्याखाली पडून आहेत आणि दालनात पाण्याचा आवाज आहे. ती झोपली आहेत की गेली आहेत हे शेवटपर्यंत ठरत नाही.

यातला एक तांत्रिक भागही लक्षात घ्यावा. मंदगतीला पाण्याइतका साथ देणारा दुसरा पदार्थ नाही. नेहमीच्या वेगात पाणी केवळ ओघ म्हणून दिसते. गती मंदावली की त्याच ओघाचे थेंब, पडदे, धागे सुटे होतात, आणि वजन असलेली वस्तू म्हणून ते शरीरावर येऊन आदळताना दिसते.

‘द क्रॉसिंग’मधला माणूस जळतो आणि वाहून जातो. हे मृत्यूचेच चित्र आहे ना?

अंधाऱ्या दालनात मधोमध मोठा पडदा टांगलेला असतो आणि त्याच्या दोन्ही बाजूंवर चित्र पडते. दोन्हीकडे एक माणूस दुरून सावकाश चालत येतो आणि आपल्यासमोर थांबतो. एका बाजूला त्याच्या पायाशी लहानशी ज्योत पेटते आणि वाढत जाऊन त्याला पूर्ण वेढते. दुसऱ्या बाजूला डोक्यावर थेंब पडू लागतात, थेंबांची धार होते, धारेचा प्रपात होतो. आग विझते, पाणी ओसरते, आणि माणूस दोन्हीकडे नाही. ही कृती १९९६ ची.

तो मेला असे पाहणाऱ्याला वाटणे साहजिक आहे, पण शव कुठेच नाही, वेदनाही नाही. आग वेढते तेव्हा तो हात पसरून उभा असतो. व्हायोला यांचा रोख अहंकाराच्या विसर्जनाकडे होता. तरीही मला वाटते की पाहणाऱ्याने ‘हा मृत्यू आहे’ असे म्हटले तर त्याला चूक ठरवू नये, कारण ज्वाळांचा आणि पाण्याचा तो प्रचंड आवाज ऐकताना शरीर घाबरते आणि त्या घाबरण्याला स्पष्टीकरण पुरत नाही. दुसरी गोष्ट अशी की दोन्ही बाजू एकाच वेळी कुणालाही पाहता येत नाहीत. पडद्याला वळसा घालून पलीकडे जावे लागते आणि तोवर अलीकडचे काहीतरी हुकलेले असते.

त्यांनी आपल्या आईचे मरण चित्रित केले हे खरे आहे का? ते योग्य होते का?

हो, खरे आहे. त्यांच्या आईचे १९९१ मध्ये निधन झाले. शेवटच्या दिवसांत ती बेशुद्ध होती आणि तेव्हा त्यांनी तिचे चित्रण केले. हे चित्रण त्याच वर्षीच्या ‘द पासिंग’ या कृष्णधवल कृतीत आणि १९९२ च्या दोन कृतींत वापरले गेले.

त्यांपैकी ‘नँट ट्रिप्टिक’ फ्रान्समधील नँट शहरातल्या एका जुन्या चॅपेलसाठी (छोट्या प्रार्थनागृहासाठी) तयार झाली. तीन पडदे शेजारी शेजारी. डावीकडे एक तरुण स्त्री बाळंत होते आहे. उजवीकडे कलावंताची आई मरणासन्न आहे. मधल्या पडद्यावर कपडे घातलेला एक माणूस पाण्याखाली तरंगतो आहे, मधूनच हालचाल करतो आणि पुन्हा स्थिर होतो. सुमारे अर्धा तास हे चालते. आवाज तिन्हींचे एकमेकांत मिसळलेले आहेत : कळा, बाळाचे रडणे, पाणी, आणि आजारी माणसाचा जड श्वास. दुसरी कृती ‘हेवन अँड अर्थ’. छत आणि जमीन यांच्यामध्ये एक खांब आहे, तो मध्ये तोडलेला आहे, आणि त्या फटीत जुन्या टीव्हीत असत तशा काचेच्या दोन उघड्या पिक्चर ट्यूब काही इंचांच्या अंतरावर समोरासमोर आहेत. वरच्या काचेवर मरणासन्न आई, खालच्या काचेवर व्हायोला यांचा नवजात मुलगा. प्रत्येकाच्या काचेत समोरच्याचे प्रतिबिंब पडते. आजीच्या चेहऱ्यात नातू दिसतो.

योग्य-अयोग्यतेचा प्रश्न टाळण्यासारखा नाही. बेशुद्ध माणूस संमती देऊ शकत नाही, आणि मुलगा झाला म्हणून त्याला हा अधिकार आपोआप मिळतो असेही नाही. ज्यांना ही कृती पाहवत नाही त्यांच्या न पाहण्याचा मान राखला पाहिजे. माझे मत मात्र कृतीच्या बाजूचे आहे, आणि त्याचे कारण तिच्या संयमात आहे. डाव्या आणि उजव्या पडद्यावर सजावट नाही, संगीत नाही, निवेदन नाही, डोळ्यांत पाणी आणण्यासाठी केलेली कोणतीही युक्ती नाही. बाळंतपण जितके उघडे, कष्टाचे आणि शारीरिक आहे तितकेच मरणही आहे, आणि दोन्ही ठिकाणी माणसाचे शरीर श्वासासाठी झगडते आहे, हे शेजारी ठेवल्याबरोबर दिसते. गेल्या शतकात जन्म आणि मृत्यू दोन्ही घरातून उठून इस्पितळाच्या पडद्याआड गेले. अनेक प्रौढ माणसांनी यातले एकही जवळून पाहिलेले नसते. त्या अर्थाने ही कृती फार मोठा अभाव भरून काढते.

‘द पॅशन्स’मधले लोक अभिनय करतात. मग ते दुःख खरे कसे मानायचे?

१९९८ मध्ये लॉस एंजेलिसच्या गेटी संशोधन संस्थेत अभ्यासक म्हणून असताना व्हायोला यांनी मध्ययुगीन आणि पुनरुज्जीवनकाळातील (रेनेसान्स) चित्रांत भावना कशा रंगवल्या आहेत याचा शोध घेतला. त्यातून ‘द पॅशन्स’ ही मालिका आली, जिचे मोठे प्रदर्शन २००३ मध्ये गेटी संग्रहालयात झाले. दरम्यान १९९९ मध्ये त्यांचे वडील वारले. वडिलांच्या अखेरच्या काळात शिकागोच्या कलासंग्रहालयात डिर्क बाउट्स या चित्रकाराच्या रडणाऱ्या मेरीसमोर उभे असताना आपल्यालाही रडू आवरले नाही, असे त्यांनी सांगितले आहे. चित्रातली बाई रडते आहे आणि तिच्यासमोरचा माणूसही रडतो आहे, या दुहेरी प्रसंगाने त्यांना हलवून सोडले. पुढच्याच वर्षी ‘डोलोरोसा’ आली. पुस्तकासारख्या उघडणाऱ्या दोन लहान पडद्यांवर एक स्त्री आणि एक पुरुष शेजारी शेजारी रडत आहेत.

या कृतींसाठी नटनट्याच घेतलेल्या आहेत आणि ते कधीही लपवलेले नाही. पण अभिनय नेहमीच्या वेगासाठी केलेला असतो. तो दहा-पंधरापट ताणला की नटाच्या ताब्यात नसलेले बरेच काही उघडे पडते. ‘द क्विन्टेट ऑफ द अ‍ॅस्टॉनिश्ड’ (२०००) मध्ये पाच माणसे एकमेकांना खेटून उभी आहेत आणि प्रत्येक जण वेगळ्या भावनेतून जातो आहे. कुणीही दुसऱ्याकडे पाहत नाही. मिनिटभराचा प्रसंग सुमारे पंधरा मिनिटे चालतो. पापणी मिटायलाही इतका वेळ लागतो की आपण तिची वाट पाहू लागतो. ‘अ‍ॅनिमा’मध्ये तर मिनिटभराचे चित्रण ऐंशी मिनिटांहून अधिक ताणलेले आहे आणि तीन चेहरे बदलताना दिसतच नाहीत. नजर हटवून परत आलात तरच बदल कळतो.

ही धार्मिक कला आहे का? तिचा भारतीय विचाराशी काही संबंध आहे?

व्हायोला यांनी ख्रिस्ती संत, सूफी कवी आणि झेन गुरू यांना सारख्याच आदराने वाचले. कुठल्याही एका पंथाचा प्रचार त्यांच्या कामात नाही. लंडनच्या सेंट पॉल्स कथीड्रलमध्ये २०१४ पासून असलेली ‘मार्टर्स’ (हुतात्मे) चर्चसाठीच केलेली आहे. चार उभ्या पडद्यांवर चार माणसे माती, वारा, आग आणि पाणी यांचा मारा सोसतात. सुमारे सात मिनिटांची ही कृती मूक आहे. तीत कुठेही क्रूस नाही किंवा संताचे नाव नाही. कोणत्याही धर्माच्या किंवा निधर्मी माणसाला ती पाहताना परके वाटत नाही.

भारताशी थेट धागा १९८६ च्या ‘आय डू नॉट नो व्हॉट इट इज आय अ‍ॅम लाइक’ या सुमारे दीड तासाच्या कृतीत आहे. हे शीर्षक ऋग्वेदाच्या पहिल्या मंडलातील १६४ व्या सूक्तातून घेतले आहे. ‘न वि जानामि यदिवेदमस्मि’ ही ती ओळ. फिजीतील सुवा येथे गिरमिटिया मजुरांच्या वंशजांमध्ये चालत आलेला निखाऱ्यांवरून चालण्याचा हिंदू विधी या कृतीत विस्ताराने येतो. त्यानंतर येतो मासा : तो आकाशातून वाहून नेल्यासारखा डोंगरांवरून जातो, जंगलातल्या जमिनीवर येऊन पडतो, आणि कुजत, किडे-पाखरांच्या तोंडी जात हळूहळू नाहीसा होतो. येथे काळ मंदावलेला नसून आवळलेला आहे, आणि तरी विषय तोच आहे.

‘ओशन विदाउट अ शोअर’ इतकी नावाजलेली का?

२००७ च्या बिएनालेच्या वेळी व्हेनिसमधल्या सान गालो या छोट्या चर्चमध्ये, तीन जुन्या वेदींवर तीन पडदे लावून ही कृती मांडली होती. अंधारातून एक अंधुक, करडी, दाणेदार आकृती जवळ येते. ती कसल्याशा अदृश्य भिंतीला हात लावते आणि तेवढ्याच भागात पाणी उसळते, कारण ती भिंत पाण्याच्या पातळ पडद्याची आहे. आकृती त्यातून आरपार येते आणि क्षणात रंगीत, ओली, रक्तामांसाची होते. ती आपल्याकडे थोडा वेळ पाहते आणि मग परत फिरून करड्या अंधारात निघून जाते.

मृत माणसे आपल्याकडे येतात आणि त्यांना परत जावे लागते, ही कल्पना सेनेगलचे कवी बिरागो दियोप यांच्या कवितेवर आधारलेली आहे. ती साकारण्यासाठी एकाच ठिकाणाहून दोन कॅमेरे लावले होते. त्यांतला एक जुना, कमी दर्जाचा कृष्णधवल पाळतीचा कॅमेरा होता आणि दुसरा अद्ययावत हाय डेफिनिशन. पाणी ओलांडण्याच्या क्षणी एका कॅमेऱ्याचे चित्र दुसऱ्यात मिसळते. कालबाह्य यंत्राला परलोकाचे काम दिले, ही मला त्यांच्या साऱ्या कारकिर्दीतली सर्वांत नेमकी तांत्रिक निवड वाटते.

या कलेवर टीका कोणती होते?

भावुकता आणि भव्यतेचा सोस हे दोन आक्षेप नेहमी घेतले जातात, आणि ते पूर्णपणे खोडून काढता येत नाहीत. मोठा पडदा, अंधार, पाण्याचा गडगडाट आणि मंदगती एकत्र आले की कोणताही विषय गंभीर वाटू लागतो. उत्तरकाळातील काही कृतींत शरीरे इतकी सुडौल आणि पाणी इतके स्वच्छ आहे की मरणाचा वास उरत नाही. २०१९ मध्ये लंडनच्या रॉयल अकॅडमीने त्यांचे काम मायकेलअँजेलोच्या रेखाचित्रांसोबत मांडले तेव्हा ही तुलना अनेकांना पटली नाही. लहान कागदावरच्या खडूच्या रेषेपुढे प्रचंड पडदे कधी कधी खरोखरच ओरडल्यासारखे होतात. तरीही या दोषांचे माप ‘नँट ट्रिप्टिक’ किंवा ‘डोलोरोसा’ला लावणे अन्यायाचे आहे.

काळाशी खेळणारे आणखी कोण आहेत?

डग्लस गॉर्डन यांनी १९९३ मध्ये हिचकॉकचा ‘सायको’ हा भयपट सेकंदाला सुमारे दोन फ्रेम इतका संथ करून चोवीस तासांचा केला. तेथे गोष्ट सर्वांना माहीत असल्यामुळे प्रतीक्षेलाच भीतीचे रूप येते. सॅम टेलर-जॉन्सन यांनी उलट मार्ग धरला. ‘स्टिल लाइफ’ (२००१) मध्ये फळांची परडी आणि ‘अ लिटल डेथ’ (२००२) मध्ये मेलेला ससा काही मिनिटांत कुजताना दिसतो. व्हायोला यांच्या कृतींसोबत या पाहिल्या तर शरीराच्या नश्वरतेकडे जाण्याचे दोन वेगळे रस्ते स्पष्ट होतात.

मोबाइलवर पाहिले तर चालेल का? प्रत्यक्ष कुठे पाहता येईल?

माहितीसाठी चालेल, अनुभवासाठी नाही. पडद्यावरचे शरीर आपल्या शरीराएवढे किंवा त्याहून मोठे असणे, आवाज छातीत जाणवणे आणि मध्येच पुढे ढकलण्याची सोय नसणे, या तीन गोष्टींवर ही कला उभी आहे. ‘डोलोरोसा’सारख्या लहान कृतींना हे थोडे कमी लागू पडते. लंडनला राहणाऱ्या किंवा तिकडे जाणाऱ्या वाचकांनी सेंट पॉल्सला अवश्य जावे (पर्यटकांना प्रवेशशुल्क असते). ‘फाइव्ह एंजल्स’ ही ब्रिटनचे टेट, न्यूयॉर्कचे व्हिटनी आणि पॅरिसचे पाँपिदू या तीन संग्रहालयांनी मिळून घेतलेली आहे. अशा कृती कायम मांडलेल्या नसतात, त्यामुळे निघण्यापूर्वी संग्रहालयाकडे चौकशी करावी. दालनात शिरल्यावर कृती मध्यावर असेल तर बसून राहावे आणि पुढचे आवर्तन सुरुवातीपासून पाहावे. लहान मुलांना पाण्याच्या कृती आवडतात, पण ‘द क्रॉसिंग’चा आवाज त्यांना घाबरवू शकतो आणि ‘नँट ट्रिप्टिक’ त्यांच्यासाठी नाही.

या कृती किती वर्षे टिकतील?

हा प्रश्न संग्रहालयांपुढे रोजचा आहे. टेप खराब होते, काचेच्या पिक्चर ट्यूब आता बनत नाहीत, आणि प्लाझ्मा पडद्यांचे उत्पादनही थांबले आहे. फाइल नव्या माध्यमावर उतरवता येते, पण ‘हेवन अँड अर्थ’मध्ये काचेच्या गोलाईवर पडणारे प्रतिबिंब हीच कृती आहे. सपाट पडदा लावला तर ती वेगळीच वस्तू होईल. सुटे भाग जमवणे, जुन्या ट्यूब राखून ठेवणे आणि काय बदलले तर चालेल याची कलावंताकडून नोंद करून घेणे, एवढेच सध्या हाती आहे.

घरात नुकतेच कुणी गेले आहे. अशा वेळी हे पाहावे का?

‘द पासिंग’ आणि ‘नँट ट्रिप्टिक’ सध्या टाळावे. विशेषतः आपण स्वतः इस्पितळात उशाशी बसला असाल तर तो श्वासाचा आवाज फार जवळचा वाटेल. ‘ओशन विदाउट अ शोअर’ अनेकांना अशा काळात सोबत करते, कारण तिथे गेलेली माणसे आपल्याकडे पाहतात आणि कुणीही सांत्वनाचे शब्द बोलत नाही. ‘ऑब्झर्व्हन्स’ (२००२) हीदेखील चालेल. त्यात माणसे रांगेने पुढे येतात, चौकटीच्या खाली, आपल्याला न दिसणाऱ्या कशाकडे तरी पाहतात, एकमेकांच्या खांद्याला हात लावतात आणि पुढच्याला जागा करून देत मागे सरतात. शक्य असल्यास एकट्याने जाऊ नये, आणि मध्येच उठून बाहेर यावेसे वाटले तर यावे.